वय चौदावर आणू नका, सरसकट अठरा करा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकात अलीकडे येणाऱ्या वाचकपत्रांचा सूर बहुतेक एकच असतो: अल्पवयीन म्हणून पोरं सुटून जातात, तेव्हा वयाची अट चौदावर आणा आणि त्यांनाही मोठ्यांसारखंच कोर्टात उभं करा. नेतेमंडळीही हीच भाषा बोलू लागली आहेत. मला नेमकं उलट मागायचं आहे. सोळा ते अठरा या वयातल्या मुलावर काही गुन्ह्यांत आज प्रौढ म्हणून खटला चालवता येतो. ती तरतूद काढून टाकावी. अठरा वर्षं पूर्ण होईपर्यंत, गुन्हा कोणताही असो, मुलाचं प्रकरण बाल न्याय मंडळासमोरच चालावं.

मी आधी माध्यमिक शाळेत शिक्षिका होते. निवृत्तीनंतर खानदेशातल्या एका बाल न्याय मंडळावर सामाजिक सदस्य म्हणून एक मुदत काम केलं. एक न्यायदंडाधिकारी आणि दोन सामाजिक सदस्य, त्यांत किमान एक महिला, अशी मंडळाची रचना असते. मुलांची ओळख उघड करायला कायद्याने बंदी आहे, म्हणून पुढे जे प्रसंग सांगते त्यांतले तपशील मी बदललेले आहेत आणि जिल्ह्याचं नावही देत नाही.

पोरं सुटतात असं म्हणणाऱ्यांना आधी कायदा सांगते. १९८६ च्या बाल न्याय कायद्यात मुलग्यांसाठी वय सोळा होतं, मुलींसाठी अठरा. भारताने १९९२ साली संयुक्त राष्ट्रांचा बालहक्क करार स्वीकारला आणि त्याला धरून २००० च्या कायद्याने दोघांसाठी अठरा केलं. म्हणजे वय वाढवण्याचं काम या देशाने एकदा केलेलं आहे. मग डिसेंबर २०१२ मध्ये दिल्लीत धावत्या बसमध्ये तरुणीवर सामूहिक बलात्काराची ती भयंकर घटना घडली. आरोपींतला एक अठराला काही महिने कमी होता. त्या घटनेनंतर नेमलेल्या न्या. वर्मा समितीनेही वय खाली आणू नये असंच सांगितलं. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही वय बदलायला नकार दिला. पण तो मुलगा तीन वर्षं पुरी करून डिसेंबर २०१५ मध्ये बाहेर पडला, लोक रस्त्यावर आले, आणि त्याच आठवड्यात राज्यसभेने नवा कायदा मंजूर केला. तेव्हापासून सोळा ते अठरामधल्या मुलाने निर्घृण गुन्हा केल्याचा आरोप असेल तर मंडळ त्याचं प्राथमिक मूल्यांकन करतं. गुन्हा करण्याची त्याची मानसिक आणि शारीरिक क्षमता होती का, परिणाम समजण्याची कुवत होती का, कोणत्या परिस्थितीत हे घडलं, हे बघायचं आणि हवं तर त्याला बाल न्यायालयाकडे, म्हणजे सत्र न्यायाधीशासमोर, प्रौढ म्हणून पाठवायचं. फाशी होत नाही. सुटकेची शक्यताच नसलेली जन्मठेपही होत नाही. एकविसाव्या वर्षापर्यंत सुरक्षित ठिकाणी ठेवतात, पुन्हा तपासतात आणि मग एकतर सोडतात किंवा मोठ्यांच्या तुरुंगात रवानगी होते.

आता ‘निर्घृण’ कशाला म्हणायचं ते बघा. ज्या गुन्ह्याला कायद्यात कमीत कमी सात वर्षांची शिक्षा लिहिलेली आहे, तो निर्घृण. जास्तीत जास्त कितीही असो. किमान सात नसेल तर तो निर्घृण नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केलं. त्यामुळे पोराच्या मनात काय होतं यापेक्षा पोलिसांनी कोणतं कलम लावलं यावर सगळं ठरतं.

सातपुड्याच्या पायथ्याच्या एका पाड्यावरचा मुलगा आमच्यासमोर आला होता. मोटारसायकलवर मागे बसून, मांडीवर पोतं धरून चालला होता. नाकाबंदी दिसताच पुढचा माणूस गाडी टाकून उसात पळाला आणि हा पोत्यासकट सापडला. पोत्यात गांजा, वजन वीस किलोच्या वर. गांजा वीस किलोवर गेला की कायद्याच्या लेखी ते व्यापारी प्रमाण होतं आणि त्याला किमान शिक्षा दहा वर्षं. दहा म्हणजे सातापेक्षा जास्त, मुलगा सोळाच्या वर, लागलं मूल्यांकन.

त्याच्या शेजारी आता पुण्याचं प्रकरण ठेवा. १९ मे २०२४ च्या पहाटे कल्याणीनगरला भरधाव मोटारीखाली दोन तरुण जीव गेले. चालवणारा सतराचा. काही तासांत जामीन, आणि जामिनाच्या अटीत तीनशे शब्दांचा निबंध. लोकांचा संताप झाला तो योग्यच होता, माझाही झाला. पण तेव्हाच्या भारतीय दंड संहितेत सदोष मनुष्यवधाच्या कलमाला किमान शिक्षाच लिहिलेली नव्हती, म्हणून कायद्याच्या भाषेत तो गुन्हा निर्घृणात बसत नाही. त्या मुलाला प्रौढ म्हणून चालवावं ही पोलिसांची मागणी मंडळाने जुलै २०२५ मध्ये फेटाळली. म्हणजे दोन माणसं गेली तरी तो मूलच, आणि मांडीवर पोतं धरणारा पाड्यावरचा मुलगा मात्र प्रौढ ठरू शकतो. पुण्याच्या मुलालाही प्रौढ ठरवायला हवं होतं असं मी म्हणत नाही. दोघंही अठराच्या आतले आहेत, दोघांचाही न्याय मुलांच्याच मंडळात व्हावा. ज्या मोठ्या माणसांनी त्याच्या हाती किल्ली दिली, रक्ताचे नमुने बदलल्याचा ज्यांच्यावर आरोप आहे, त्यांच्यासाठी मोठ्यांचं कोर्ट आहेच.

मूल्यांकन कसं होतं ते सांगते, कारण चौदावर आणा म्हणणाऱ्यांतल्या फार थोड्यांनी ते पाहिलं असेल. प्रकरण चालू असताना मुलांना ठेवतात त्या निरीक्षणगृहातली एक खोली. नियमाप्रमाणे उंच चौथरा नाही, पिंजरा नाही, पोलीस गणवेशात नाहीत. आम्ही तिघं टेबलामागे, मुलगा समोर खुर्चीच्या अगदी कडेवर टेकलेला. अंगातला संस्थेचा शर्ट मापाचा नव्हता, खांद्याची शिवण पार दंडावर उतरली होती. मानसशास्त्रज्ञ बाहेरून बोलवावे लागले होते. दोन तारखा त्यांची वाट बघण्यात गेल्या होत्या आणि त्यांना संध्याकाळच्या गाडीने परत जायचं होतं. त्यांच्या हातात प्रश्नांचा छापील कागद होता. ‘तू जे करतोयस त्याचे काय परिणाम होतील याची तुला जाणीव होती का?’ मुलगा म्हणाला, हो. ‘हे बेकायदेशीर आहे हे ठाऊक होतं?’ हो. ‘कोणी जबरदस्ती केली होती?’ त्यालाही हो. आयुष्यभर शाळेत शिकवलेल्या बाईला हे ‘हो’ ओळखू येतं. डोंगरातलं पोर मास्तरासमोर उभं राहिलं की प्रश्न कळो न कळो, मान हलवतं. त्याची बोली पावरी. शाळेतली मराठी त्याला पुस्तकापुरती येत होती आणि पुस्तक सुटून दोन वर्षं झाली होती.

निरीक्षणगृहाच्या स्वयंपाकघरात काम करणाऱ्या बाई त्याच भागातल्या होत्या. मी न्यायदंडाधिकाऱ्यांची परवानगी घेऊन त्यांना आत बोलावलं. त्यांनी पदराला हात पुसत त्याच्या बाजूला बसून त्याच्या बोलीत विचारलं, तुला काय वाटलं होतं, काय होईल? तो पहिल्यांदाच सलग बोलला. फॉरेस्टवाले पोतं काढून घेतील आणि मारतील, एवढंच वाटलं होतं. गाडीवर बसायचे पाचशे रुपये मिळणार होते. दहा वर्षं म्हणजे किती, हे बाईंनी विचारलं तेव्हा तो नुसता बघत राहिला.

त्या दिवशी आमच्या मंडळात एकमत झालं नाही. पुढे काय झालं ते सांगण्याचा मला अधिकार नाही. पण छापील कागदावर तीन ‘हो’ होते आणि तो कागद फाईलमध्ये लागला. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये बजावलं आहे की मंडळावर मानसशास्त्राचा जाणकार नसेल तर तज्ज्ञाची मदत घेतलीच पाहिजे, आणि हे काम फार नाजूक आहे. अगदी खरं. पण पावरी, भिलोरी, अहिराणी बोलणाऱ्या पोराचं मन त्याच्या बोलीत उलगडणारे तज्ज्ञ आमच्या तीन जिल्ह्यांत आणायचे कुठून? आणि तज्ज्ञ मिळाला तरी सहा महिन्यांपूर्वीच्या एका संध्याकाळी पोराच्या डोक्यात काय चाललं होतं हे आज, निरीक्षणगृहात राहून बदललेल्या त्याच पोराकडे बघून कोण सांगणार?

वयाचंच घ्या. कायद्याप्रमाणे आधी शाळेचा दाखला, तो नसेल तर नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसतील तरच हाडांची तपासणी. आमच्यासमोरच्या कागदांवर एक तारीख सारखी यायची: १ जून. शाळेत असतानाही प्रत्येक वर्गाच्या पटावर मी ती पाहिली आहे. घरी बाळंतपण, नोंद नाही, आई सांगते होळीच्या पुढे-मागे झाला. मग शाळा जूनमध्ये उघडते म्हणून गुरुजी १ जून टाकून प्रवेश देतात. पोर शाळेत बसावं यासाठीची ती सोय होती, आणि तिच्यामुळे कितीतरी पाड्यांवरची मुलं शिकली. त्याच तारखेवरून आता पोर पंधरा वर्षं अकरा महिन्यांचं की सोळा वर्षं एक महिन्याचं हे ठरतं. हाडांच्या तपासणीत तर दोन वर्षं इकडे-तिकडे होऊ शकतात हे न्यायालयंही धरून चालतात, आणि सोळा ते अठरा हे अंतरच मुळी दोन वर्षांचं. कोणी म्हणेल, ही अडचण अठरालाही येणारच. येणार. पण मग एकच रेघ सांभाळायची आहे. आज आपण दोन रेघा मारून ठेवल्या आहेत, आणि चौदाची मागणी मान्य झाली तर ज्याला मिसरूडही फुटलेलं नाही त्या वयात हा वाद चालेल.

आणखी एका प्रकारच्या प्रकरणांविषयी लिहिलंच पाहिजे, कारण ती खानदेशात सारखी येतात आणि पेपरात मात्र फक्त ‘अल्पवयीन मुलीला फूस लावून पळवले’ एवढाच मथळा येतो. मुलगा सतराचा, मुलगी सोळा-सतराची. दोघं ऊसतोडीला एका टोळीत, नाहीतर कपाशी वेचायला एकाच वावरात. घरचे नाही म्हणाले की सुरतची गाडी धरतात. चार-सहा महिन्यांनी मुलीला दिवस जातात, ती सरकारी दवाखान्यात जाते, दवाखान्याला पोलिसांना कळवावंच लागतं, कारण मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणारा पोक्सो कायदा तसं सांगतो. त्याच कायद्यात अठराच्या आत संमतीला किंमत नाही, आणि मुलगी गरोदर असेल तर किमान शिक्षा वीस वर्षं. म्हणजे निर्घृण. पोरगी पीडित, पोरगा आरोपी आणि दोघंही कायद्याने मुलंच. अशाच एका मुलाला मी विचारलं, तुला का आणलंय इथे, माहीत आहे का? तो म्हणाला, ‘माले माहीत नही. ती कशी शे?’ मुलीवर जबरदस्ती झालेली प्रकरणं वेगळी असतात, ती आमच्यासमोर आली आणि त्यांत मुलीचंच ऐकायला हवं. पण किमान शिक्षेचा आकडा दोन्हींना सारखाच लागू होतो.

ज्यांचं माणूस गेलं त्यांच्याविषयी लिहिल्याशिवाय हे पत्र पाठवायचा मला हक्क नाही. मिरवणुकीतल्या भांडणात चाकू लागून गेलेल्या मुलाची आई मंडळाच्या बाहेर बाकावर बसायची. दर तारखेला यायची, हातात पिशवी, पिशवीत मुलाचा शाळेचा फोटो. मला म्हणाली, ‘मना पोर्‍यानं वय कोन मोजी?’ यावर मी काही बोलू शकले नाही, आजही माझ्यापाशी तिच्या तोलाचं उत्तर नाही. एवढं मात्र मी पाहिलं की प्रौढ ठरवण्याच्या या वाटेने तिलाही लवकर काही मिळत नाही. आधी मूल्यांकन, त्यावर अपील, मग बाल न्यायालय पुन्हा तेच तपासणार, त्यावर उच्च न्यायालय. गुरुग्रामच्या एका शाळेत सप्टेंबर २०१७ मध्ये सात वर्षांच्या मुलाचा खून झाला. संशयित त्याच शाळेतला सोळा वर्षांचा मुलगा. त्याला प्रौढ म्हणून चालवायचं की नाही एवढाच प्रश्न जुलै २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात होता आणि तिथूनही तो पुन्हा खालीच गेला. पाच वर्षं त्या आई-बापांनी कशी काढली असतील? मंडळातच प्रकरण चाललं असतं तर गुन्हा केला की नाही याचा निकाल त्यांच्या हातात कधीच पडला असता.

खुनाला तीन वर्षं फारच कमी, असं कोणी म्हणालं तर मी ते उडवून लावणार नाही. मंडळाला आज विशेष गृहात जास्तीत जास्त तीन वर्षं ठेवता येतं. सर्वांत गंभीर गुन्ह्यांपुरती ती मुदत वाढवा, मुलगा एकवीस किंवा तेवीस वर्षांचा होईपर्यंत त्याला मंडळाच्या ताब्यात आणि देखरेखीखाली राहू द्या, दर वर्षी तपासा, मृताच्या घरच्यांना प्रत्येक टप्प्यावर कळवा आणि त्यांचं ऐका. हे सगळं मुलांच्या कायद्यातच करता येईल. त्यासाठी त्याला प्रौढ ठरवण्याची गरज नाही.

टोळ्या मुद्दाम अल्पवयीन पोरं वापरतात, हा मुद्दाही खरा आहे. हातात कोयता देऊन रील काढायला लावणारे, सातपुड्यापलीकडून आलेले गावठी कट्टे पोराच्या दप्तरात ठेवणारे ‘भाऊ’ आमच्याकडेही गल्लोगल्ली आहेत. वय चौदावर आणलं तर हे भाऊ तेरा वर्षांचं पोर शोधतील. भारतीय न्याय संहितेच्या कलम ९५ मध्ये गुन्ह्यासाठी मुलाला कामाला लावणाऱ्याला किमान तीन आणि जास्तीत जास्त दहा वर्षांची शिक्षा आहे. बाल न्याय कायद्यातही मुलाकडून अमली पदार्थ वाहून नेणाऱ्याला सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी आहे. गाडी टाकून उसात पळालेला तो माणूस मला आठवतो. माझ्या मुदतीत मुलांबरोबर मुलांना वापरणाऱ्यावरही गुन्हा दाखल झाल्याचा एकही कागद माझ्यासमोर आला नाही.

आकड्यांत बोलायचं तर २०२२ साली देशभरात अल्पवयीनांवर ३०,५५५ गुन्हे नोंदले गेले. त्या वर्षीचे एकूण दखलपात्र गुन्हे ५८ लाखांच्या वर. म्हणजे साधारण १९० गुन्ह्यांत एक. चाकूचा एक व्हिडिओ मोबाइलवर दिवसभर फिरतो आणि सगळा गाव पोरांनीच बिघडवला असं वाटू लागतं, पण तसं नाही. अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यात सोळा-सतरा वर्षांच्या मुलांना वर्षानुवर्षं सरसकट प्रौढ धरत असत. त्यांनी २०१७ मध्ये कायदा करून २०१८ आणि २०१९ अशा दोन टप्प्यांत वय अठरावर नेलं. आपण तिथे २००० सालीच पोचलो होतो.

प्रौढ ठरलेल्या मुलाच्या पुढच्या आयुष्याचं काय होतं, तेही सांगते. मंडळाने दोषी धरलेल्या मुलाला पुढे त्या दोषामुळे कुठली अपात्रता लागत नाही, त्याची नोंद ठराविक काळाने नष्ट होते. प्रौढ म्हणून शिक्षा झालेल्याला हे संरक्षण नाही. पहाटे पाचला जळगाव, धुळे, शिरपूर, नंदुरबार, कुठल्याही मैदानावर जा. पोलीस भरतीसाठी, सैन्य भरतीसाठी पोरं अनवाणी धावताना दिसतील. कोरडवाहू दोन-तीन एकरांच्या घरातून बाहेर पडण्याचा त्यांना ठाऊक असलेला हा एकच रस्ता. चारित्र्य पडताळणीत एक शिक्षा निघाली की तो बंद होतो. मग त्या पोराला हाक मारायला कोण उरतं? पुन्हा तेच भाऊ.

उलट, मंडळाने नीट लक्ष घातलं तर काय होतं हेही मी पाहिलं आहे. विहिरीवरच्या मोटारीच्या केबल चोरणारा एक मुलगा होता, तीनदा पकडलेला. आमच्या परिविक्षा अधिकारी, म्हणजे मुलांच्या घरची चौकशी आणि देखरेख करणाऱ्या, बाईंनी गृहचौकशीला त्याच्या घरी जाऊन पाहिलं तर बाप दारूत, आई केळीच्या वखारीत, आणि पोराला वायरिंगची विलक्षण समज. त्याला एका मोटार रिवायंडिंगच्या दुकानात बसवलं. मालक आधी कुरकुरला, मग राजी झाला. बाई दर पंधरवड्याला जाऊन विचारपूस करायच्या. आज तो मुलगा त्याच शिवारातल्या शेतकऱ्यांच्या जळालेल्या मोटारी भरून देतो. यात कुठली जादू नव्हती, एका बाईंनी पाठपुरावा सोडला नाही एवढंच. पण त्यांच्याकडे अख्ख्या जिल्ह्याच्या फाईली होत्या, दौऱ्याला गाडी नव्हती, एसटीने फिरायच्या. त्यांची बदली झाल्यावर ती जागा कितीतरी महिने रिकामी राहिली.

खानदेशातून लोकसभेवर चार खासदार जातात: जळगाव, रावेर, धुळे आणि नंदुरबार. या चौघांना माझी विनंती आहे की बाल न्याय कायद्याच्या कलम १५ खालचं हे मूल्यांकन रद्द करून अठराची मर्यादा सर्व गुन्ह्यांना लावण्याचा प्रश्न त्यांनी संसदेत मांडावा, आणि तोवर निदान प्रत्येक मंडळाला पूर्णवेळ समुपदेशक, मुलांच्या बोलीचा दुभाषा आणि पुरेसे परिविक्षा अधिकारी मिळावेत यासाठी केंद्र आणि राज्य अशा दोन्ही सरकारांकडे पाठपुरावा करावा. वाचकांपैकी ज्यांना हे पटतं त्यांनी आपापल्या खासदाराला एक पत्र लिहावं.

आपल्याला, संपादक या नात्याने, वेगळी विनंती. अल्पवयीन आरोपीच्या बातमीत नाव छापत नाहीत, पण गल्ली, शाळा, बापाचा धंदा आणि तोंडाला रुमाल बांधलेला फोटो छापून येतो. तालुक्याच्या गावात एवढ्यावरून पोर कोणाचं हे संध्याकाळपर्यंत सगळ्यांना कळतं. त्याच कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे हा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकेल असा गुन्हा आहे. तालुक्याच्या वार्ताहरांना तशी लेखी सूचना गेली तर बरं होईल.

आपली,
बाल न्याय मंडळाची एक माजी सदस्य
(नाव व पत्ता संपादकांकडे)